पानमळ्यातली साडेचारची गाडी

साडेचार वाजले की बाळापूरच्या शेषरावांच्या पानमळ्यातली माणसं आपोआप बाजूला सरकत. मोटेचे बैल धावेवर थांबत, पानं खुडणाऱ्या बाया टोपल्या उचलून दोन पावलं मागे होत आणि पार्बताबाई लुगड्याचा घोळ आवरून घेत. गाडीची वेळ झालेली असे. मग घटकाभर काहीच होत नसे, कारण गाडी येत नसे. बारा वर्षांत ती एकदाही आली नव्हती. पण वेळ म्हणजे वेळ.

ही वेळ वच्छलाने ठरवली होती, वयाच्या पाचव्या वर्षी. बाकी कोणाला त्या गाडीबद्दल काहीच ठाऊक नव्हतं, म्हणून सगळ्यांनी तिचं ऐकलं होतं.

झालं होतं असं, की एकोणीसशे पंचवीस साली सरकारने पारस स्टेशनापासून बाळापूरपर्यंत आगगाडीचा एक फाटा काढायचं मनावर घेतलं. नोटीस आली. शेषरावांच्या मळ्याच्या बरोबर मधून पन्नास फुटांचा पट्टा रेल्वेला लागणार होता. पट्ट्याच्या कडेला चार दगड गाडले गेले, आणि यात काही लावू नये, काही बांधू नये, असा हुकूम झाला. शेषरावांनी त्याच आठवड्यात तिथल्या नागवेली आपल्या हाताने उतरवल्या. मग काही आणायला म्हणून घरात गेलेला माणूस जसा उंबऱ्यावर पोचून विसरतो, की आपण आलो कशाला, तसं सरकारचं झालं. ना जमीन घेतली, ना परत दिली, ना मोबदल्याचं नाव काढलं. दगड मात्र उभे राहिले.

तीन वर्षांच्या वच्छलाने तेव्हा एकच प्रश्न विचारला होता. पानमळ्यात पायताण घालून कोणी यायचं नाही, हा पानमळे करणाऱ्या बारी लोकांचा नेम. नागवेल म्हणजे देवच. देवघरात कोणी जोडे घालून येतं का? तेव्हा वच्छलाने आईला विचारलं, "माय, गाडी आली तं तिले चाकं बाहेर काढा लागतीन का वं?"

पार्बताबाईंनी हातातलं पान पुसत सांगितलं, "मंग? तिच्यासाठी काय वेगळा नेम हाय?"

त्या दिवसापासून वच्छलाच्या डोळ्यांपुढे जी गाडी होती, ती अनवाणी होती. चाकं मळ्याच्या दाराशी ओळीने काढून ठेवायची आणि आवाज न करता, ओल्या मातीवरून सरकत, वेलींच्या हिरव्या अंधारातून निघून जायची. तिच्या खिडक्यांतून माणसं हात बाहेर काढून एकेक पान खुडायची आणि कोणी त्यांना रागावायचं नाही.

स्वप्न कितीही गोड असलं, तरी त्याच्या मधून वारा येत होता. पानवेल ही फार नाजूक जात. तिला गार सावली हवी, रोज पाणी हवं, चारी बाजूंनी आडोसा हवा. भर मळ्यात पन्नास फुटांचं उघडं दार पडल्यावर चैत्र-वैशाखातली झळ सरळ आत शिरे आणि दर उन्हाळ्याला पट्ट्याच्या दोन्ही कडांच्या ओळी करपून टाके. सदतीस सालच्या उन्हाळ्यात वच्छला अकोल्याच्या शाळेतून सुटीला आली, तेव्हा मळ्यात सातच ओळी उरल्या होत्या. आणखी एक उन्हाळा असाच गेला, तर मळा म्हणायला नुसती विहीर आणि चार सरकारी दगड राहणार, हे सांगायला ज्योतिषी नको होता.

वच्छला आता पंधरा वर्षांची होती. नुकतंच शाळेच्या संमेलनात तिने तपासणीला आलेल्या बाईंसमोर अर्धा तास भाषण ठोकलं होतं, आणि तेव्हापासून तिचा आवाज खाली यायलाच तयार नव्हता.

"बाबा, पट्ट्याच्या तोंडाशी तुराट्यांचा कूड घालू," ती म्हणाली. "वारा अडला म्हणजे वेली वाचल्या. दोन दिवसांचं तं काम हाय."

दोन दिवसांचं काम! जगातली सगळी मोठी संकटं याच तीन शब्दांत सुरू होत असावीत.

पहिली मेढ रोवायच्या आत खुशालराव आले. खुशालराव म्हणजे समोरच्या घरातले, तहसिलीतून निवृत्त झालेले नाझर. रोज संध्याकाळी ते मळ्याच्या दाराबाहेरच्या ओट्यावर पान खायला बसत. आत येत नसत, कारण जोडे काढायला वाकलं की त्यांच्या कमरेत कळ निघे. त्यामुळे बारा वर्षं मळा न पाहता ते मळ्याबद्दल सल्ला देत होते.

"कूड?" ते एवढ्या जोरात म्हणाले, की तोंडातलं पान खाली पडलं. "अर्ज केल्याबिगर कूड? पोरी, तू रेल्वेचा रस्ता अडवून राहिली!"

"कोणती रेल्वे, काका?"

"येनार हाय ते."

"कधी?"

"हे पाय वच्छले, सरकारी काम हाय. ते येत नाई याचा अर्थ ते येनार नाई, असा होत नाई."

शेषराव सरळ माणूस. त्यांनी मेढ खाली ठेवली. खुशालरावांनी चार पानी अर्ज लिहिला. तो 'गरीबपरवर' पासून सुरू होऊन दुसऱ्या पानावर खुशालरावांच्या नोकरीच्या हकिकतीत शिरला, तिसऱ्यावर त्यांच्या अधिकाऱ्यांच्या स्वभावांकडे वळला आणि चौथ्याच्या तळाशी, सहीच्या जरा वर, कुडाचा उल्लेख करून संपला.

अर्जावरून सूर्यभान पटवारी मोजायला आला. गावचाच माणूस, दाराशी वहाणा काढून, हात जोडून आत शिरला. साखळी टाकून चारही दगड मोजले आणि डोक्याला हात लावून तिसऱ्या दगडावर बसला.

"शेषराव, हा दगड अकरा फूट पूर्वेले काहून?"

"तिथं मी पानं धुतो," पार्बताबाई म्हणाल्या. "मंग इकडे सरकवायले सांगतला."

"पण काकू, या दगडांवरून रूळ टाकले, तं गाडी इथं वळते अन् नीट विहिरीत जाते!"

"तं काय झालं? इंजिनाले पानी लागतेच की."

सूर्यभानने याची नोंद केली नाही. त्याने फक्त शेरा मारला: कूड घालण्यास हरकत नाही, मात्र गाडी आल्यास तिला जाता यावं म्हणून कुडात फाटक ठेवणं जरूर आहे.

मग फाटक आलं. फाटक किती उंच करायचं, यावर दोन दिवस गेले. इंजिनाचं धुराडं किती उंच असतं हे कोणालाच नीट सांगता येईना. खुशालराव म्हणाले, कमी पडण्यापेक्षा जास्त बरं. म्हणून शेषरावांनी निंबाच्या झाडाएवढं उंच, तुराट्यांचं, दोन कवाडांचं फाटक बांधलं. ते उभं राहिलं तेव्हा बाळापूरच्या किल्ल्यालासुद्धा दोन घटका कमीपणा वाटला असेल. दुपारी वारा सुटला. फाटकाचं एक कवाड उठलं, हवेत जरा विचार केल्यासारखं थांबलं आणि रस्ता ओलांडून खुशालरावांच्या छपरावर जाऊन बसलं. छपराखाली खुशालराव वामकुक्षी घेत होते. ते बाहेर आले आणि वर पाहत म्हणाले, "मी सांगतलं होतं, मजबूत करा म्हनून."

यानंतर तहसिलीतून विचारणा आली: फाटकावर माणूस कोण? माणसाशिवाय फाटक ठेवता येत नाही. शेषरावांनी उत्तरात स्वतःचं नाव घातलं. ही बातमी बाजारात कशी पोचली देव जाणे, पण दुसऱ्या दिवशी ते पानाच्या टोपल्या घेऊन निघाले, तर भाजीवाल्या तानुबाईपासून कासारापर्यंत सगळ्यांनी त्यांना वाट करून दिली. तानुबाई म्हणाली, "सरका बापा, सरका, स्टेशनमास्तर आले! काय हो शेषराव, मेल आज टायमावर हाय का?"

शेषरावांना हे फार लागलं. बारा वर्षांत त्यांनी सरकारचा एक शब्द मोडला नव्हता. हुकूम झाला तेव्हा वेली उतरवल्या होत्या; त्या दिवशी ते जेवलेही नव्हते. आणि आता त्याच आज्ञाधारकपणाचं हे बक्षीस! त्या संध्याकाळी ते ओट्यावर एकटेच बसून राहिले. एका जुन्या हिरव्या खणाची कोणीतरी गमतीने काठीला बांधलेली झेंडी दारात पडली होती. ती त्यांनी उचलली, घडी केली आणि घरात नेऊन ठेवली. त्या घडीकडे पाहून वच्छला त्यांच्यापुढे जाऊन उभी राहिली. ती म्हणाली, "बाबा, अकोल्याले जाऊ. मुळातच विचारू."

बैलांच्या दमणीने पारस आणि पारसहून गाडीने अकोला. खऱ्या गाडीत बसल्यावर वच्छलाला नेहमीच जरा वाईट वाटे. किती हा आवाज, किती कोळसा! तिची गाडी अशी नव्हती. मळ्यातल्या गाडीत पाण्याचा वास यायचा.

अकोल्याच्या मोठ्या कचेरीत जमिनीच्या शाखेने सांगितलं, की जमीन रेल्वेकडे गेली, तिकडे विचारा. रेल्वेच्या माणसाने सांगितलं, की असा कोणता फाटाच आम्हाला ठाऊक नाही, जमिनीच्या शाखेत विचारा. बापलेकींनी ही वाट तीनदा तुडवली. चौथ्यांदा निघाल्यावर वच्छला मध्येच थांबली आणि जिथे पाटी नव्हती असं एक दार तिने ढकललं. तो दप्तरखाना निघाला.

आत कपाटाएवढी उंच गाठोडी, जुन्या कागदांचा गोडसर वास आणि खिडकीतून तिरपं आलेलं ऊन. उन्हात धूळ इतक्या सावकाश तरंगत होती, की तिलाही वरून मंजुरी यायची असावी. मधोमध देवीदास कारकून बसले होते. चष्मा दोऱ्याने कानाला बांधलेला, डोळे अर्धे मिटलेले.

"बाळापूरचा पानमळा," वच्छला म्हणाली. तिचा तो संमेलनातला आवाज गाठोड्यांवर आपटून परत आला.

देवीदासांचे डोळे उघडले. "बुटांची फाईल?"

"बुटांची?"

ते उठले, एका गाठोड्यात कोपरापर्यंत हात घातला आणि न पाहता एक फाईल बाहेर काढली. "सन पंचवीसपासून मी एकटाच वाचून राहिलो हे. मले वाटलं, या फाईलची मानसं आता या जगात नाईत." त्यांनी एक कागद पुढे सरकवला. ती ताब्याची पावती होती. जमिनीचा ताबा कोणी, कधी घेतला, ते लिहायचे सगळे रकाने कोरे. खाली तांबड्या शाईत इंग्रजीत एक ओळ होती. वच्छलाने ती मोठ्याने वाचून बाबांना सांगितली: "बूट काढणं शक्य नसल्यामुळे आत प्रवेश केला नाही."

देवीदासांनी चष्म्यावरून शेषरावांकडे पाहिलं. "मंग दगड कोनी गाडले?"

"मीच," शेषराव ओशाळून म्हणाले. "तवा आलेल्या साहेबाचे बूट गुडघ्यापर्यंत, नाड्याच नाड्या. काढायले पाऊन तास लागला असता. बूट घालून तं आत येऊ देता येत नाई. म्हटलं, तुमी दारातून बोट दाखवा, मी गाडतो. उन्हाचा किती येळ उभं ठेवाचं पाहुन्याले?"

 मग देवीदास खुर्चीत मागे रेलून हसू लागले. हसता हसता त्यांच्या चष्म्याचा दोरा सुटला. "अहो शेषराव, सरकारनं ताबा घेतलाच नाई! ताबा घेत नाई तोवर जमीन तुमची. वेली लावा, कूड घाला, नाई तं हत्ती पाळा. अन् कायद्यात अठ्ठेचाळिसावं कलम हाय. ताबा न घेतलेल्या जमिनीतून सरकारले माघार घेता येते. अन् त्या नोटिशीपायी तुमचं जे नुकसान झालं, ते मागाचा तुमाले हक्क हाय."

शेषरावांनी मनात ओळी मोजल्या. सातच ओळी उरल्या होत्या. बाकीच्या सरकारने नव्हे, आपण स्वतःच घालवल्या, हे त्यांना आत्ता कळत होतं.

"पन एक सांगतो," देवीदास चष्मा परत बांधत म्हणाले. "तुमच्या अर्जानं फाईल जागी झाली. आता ते साहेबाकडे जाईन. अन् या कचेरीत कोरा रकाना कोनाले पाहवत नाई. साहेब येईन अन् एक तं माघार लिहीन, नाई तं ताबा घेऊन रकाना भरून टाकीन. त्याले काय, पट्ट्यात पाय ठेवला, पंचनामा केला, झालं."

परतीच्या गाडीत वच्छला खिडकीशी बसली होती. दोन दिवसांच्या कामाने झोपलेलं सरकार उठवलं होतं, आणि ते तिनेच उठवलं होतं.

साहेब आले ते वैशाखातल्या एका भर दुपारी. नागपूरकडचे, तरुण, ई. ए. सी., म्हणजे जादा सहायक कमिशनर म्हणून नवेच लागलेले. त्यांच्या मागे शिपाई, शाईची दौत आणि ती फाईल. सूर्यभान पटवारी पुढे धावत आला. खुशालराव नेहमीच्या ओट्यावर ताठ बसले. शेषराव आणि वच्छला दारात उभे राहिले. दोघांच्याही मनात एकच होतं: यांनी बूट काढले नाहीत, तर फार बरं होईल.

आणि तेवढ्यात पार्बताबाई आतून आल्या. "या बापा, या! कायची ऊन झाली ही. बूट काढा अन् आत या, थंडं पानी घ्या."

वच्छलाने आईच्या पाठीला चिमटा काढला. "माय, नको ना!"

"काहून नको? लेकरू तापून आलं अन् दारात उभं ठेवू?"

साहेब हसले. खाली वाकून त्यांनी एक बूट काढला, मग दुसरा, मग मोजे घडी करून बुटांत ठेवले. त्यांचे पाय पांढरे आणि जरा लाजल्यासारखे दिसत होते. वच्छलाला संमेलनातलं अर्ध्या तासाचं भाषण पाठ होतं. पण दारात आलेल्या पाहुण्याला 'आत येऊ नका' म्हणायचं एक वाक्य तिला येईना. ते त्या घरात कोणालाच येत नव्हतं. बारा वर्षांपूर्वी आलेल्या पाहुण्याला परत पाठवता येईना, म्हणूनच तर बाबांनी स्वतः दगड गाडले होते.

साहेब आत शिरले. बाहेरचं पांढरं ऊन मागे राहिलं. शेवरीच्या झाडांवर चढलेल्या वेलींचं छत, पाटाचं पाणी, पायाखाली गार, मऊ माती. साहेबांची चाल हळू झाली. चार पावलांवर ते थांबले, डोळे मिटले आणि बोटं मातीत रुतवून तसेच उभे राहिले. शिपायाने खाकरून पाहिलं. साहेबांनी ऐकलं नाही. मग जणू झोपेतच चालल्यासारखे ते ओळींमधून निघाले. वेलींची पानं त्यांच्या खांद्यांवरून सरकत होती. मागून शेषराव, वच्छला, पटवारी, सगळे अनवाणी. वच्छला ओळी मोजत होती. सात ओळी. सातवी सरली की सावली संपत होती, आणि पुढे पट्टा होता.

साहेबांनी फाईल हातात घेतली आणि सरकारी हद्दीत पहिलं पाऊल टाकलं.

"आई गं!"

ते एवढ्या चपळाईने उडी मारून मागे आले, की पटवारी पाटात पडला. बारा वर्षं उघडी पडलेली काळी माती दुपारभर तापून तव्यासारखी झाली होती. साहेबांनी दुसरा पाय टाकून पाहिला. तोही परत आला. मग पट्ट्याच्या कडेकडेने ते थोडं फिरले, एखादी तरी सावली मिळते का म्हणून. पण सरकारी जमिनीत पन्नास फुटांत गवताची काडीसुद्धा नव्हती. तसा हुकूमच होता.

"माझे बूट," साहेब पाय पाटात बुडवत म्हणाले.

"ते इथं आनता येत नाई, साहेब," वच्छला म्हणाली. या वेळी आवाज अगदी हळू, पण स्पष्ट होता. "आमी कोनासाठीच आनत नाई."

साहेबांनी तिच्याकडे पाहिलं. मग त्या भाजणाऱ्या पट्ट्याकडे, मग मागच्या सात हिरव्या ओळींकडे, ज्यांची पट्ट्याकडची पानं कडेने काळी पडली होती.  पार्बताबाईंनी विडा आणून दिला. तो तोंडात गेल्यावर त्यांनी पाटाच्या काठावर बसून, पाय पाण्यात ठेवून, मांडीवर फाईल उघडली आणि कोऱ्या रकान्यांखाली, त्या तांबड्या ओळीच्या खाली, आणखी एक ओळ लिहिली. लिहिताना ते स्वतःशीच पुटपुटले: "ताबा घेता आला नाही. घेण्याचं कारणही दिसत नाही. सरकारने माघार घ्यावी, ही शिफारस."

माघारीचा कागद शाळा उघडायच्या चार दिवस आधी आला. एवढ्या लवकर सरकारी उत्तर आलेलं पाहून खुशालरावांना धक्काच बसला, आणि तो ओसरताच त्यांनी नुकसानीच्या मागणीचा अर्ज लिहायला घेतला. ते अजून आपल्या नोकरीच्या हकिकतीपर्यंतच पोचले आहेत. बाजारात तानुबाईने शेषरावांना पाहून, 'स्टेशन बंद झालं म्हनतेत?' एवढंच विचारलं, आणि शेषरावांनी पहिल्यांदाच हसून उत्तर दिलं, "हो बाई. तुमचं तिकीट राहून गेलं."

त्याच दुपारी पट्ट्यात शेवरी लावायला सुरुवात झाली. शेवरी उंच झाली, की तिच्यावर नागवेल चढवायची. वच्छला ओटीत बियाणं घेऊन ओळीने टोबत चालली होती. तिसऱ्या दगडापाशी, जिथून गाडी विहिरीकडे वळायची होती, तिथे ती पोचली आणि मागून मोटेचा आवाज थांबला. तिने वर पाहिलं. बैल धावेवर उभे होते. बाया टोपल्या उचलून मागे सरल्या होत्या. साडेचार झाले होते.

तेव्हा कुठे तिच्या ध्यानात आलं, की आपण कोणाच्या वाटेत बी पेरतो आहोत.

तीही उठली आणि दोन पावलं बाजूला झाली. मळ्याच्या दाराशी कोणीतरी चाकं ओळीने काढून ठेवली असावीत, कारण आवाज मुळीच आला नाही. फक्त सातव्या ओळीची पानं एकामागून एक हलली, दूरपर्यंत, आणि पाण्याचा वास आला.

पार्बताबाईंनी घोळ सोडत विचारलं, "गेली का वं?"

"गेली," वच्छला म्हणाली, आणि तिने पुढचं बी मातीत घातलं.